डाळिंबातली मुलगी आणि दुर्गाबाई

(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



संयोजकांनी मला वीस मिनिटं दिली आहेत. जेवणाच्या आधीचा वक्ता मीच आहे, हे मला ठाऊक आहे. मागच्या रांगेतले काही जण आत्ताच मांडवाच्या मागं डोकावून आले. पुरणपोळी आणि आमटी आहे अशी बातमी आहे. तेव्हा वेळ पाळतो.

आयुष्यभर मी विज्ञान शिकवलं. त्यामुळं मी आज प्रकाशाचं परावर्तन नाहीतर पाण्याचा ताळेबंद यावर बोलणार, असा तुमचा समज असेल. पण मी बोलणार आहे राक्षस, बोलणारे पोपट आणि फळातून बाहेर येणाऱ्या राजकन्यांबद्दल. नेमकं सांगायचं तर या सगळ्याचं शास्त्र मांडणाऱ्या एका बाईंबद्दल, दुर्गा भागवतांबद्दल. आणि थोडं माझ्या आईबद्दल.

नववीतली सहल आठवते का? एसटीचे पैसे जमले नाहीत म्हणून आपण सायकलींवर नेवाशाला गेलो होतो. एका सायकलवर दोघं, तिघं. ज्या खांबाला टेकून ज्ञानेश्वरांनी ज्ञानेश्वरी सांगितली असं आपण मानतो, तो खांब पाहायला. शके १२१२, म्हणजे इसवी सन १२९०. आपण पोरांनी काय केलं? खांबाला मिठी मारली, कान लावला, आतून आवाज येतो का ते बघितलं. एकानं सांगितलं, येतो. मग सगळ्यांनाच यायला लागला.

आपले मराठीचे सर बाजूला उभे राहून हसत होते. ते म्हणाले, "पोरांनो, या खांबावर एका बाईंनी लेख लिहिलाय. त्याच्याच नावाचं त्यांचं पुस्तक आहे, 'पैस'. त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळालाय. आपल्या तालुक्यातला दगड दिल्लीला पोचवला बाईंनी." आपण टाळ्या वाजवल्या आणि भेळ खायला गेलो. 'पैस' म्हणजे ऐसपैस जागा, विस्तार, हे सर सांगत होते तेव्हा माझं लक्ष भेळेकडं होतं. दुर्गाबाईंचं नाव मी पहिल्यांदा ऐकलं ते असं.

आता त्यांच्याबद्दल थोडं सांगतो, कारण आपल्यातल्या अनेकांना त्या फक्त आणीबाणीमुळं माहीत आहेत.

दुर्गाबाईंचा जन्म इंदूरचा, १० फेब्रुवारी १९१०चा. शाळा मात्र गावोगाव झाली. मुंबई, नाशिक, धारवाड, पुणे, आणि त्यात आपलं नगरही. आजचं अहिल्यानगर. म्हणजे त्याही आपल्या जिल्ह्याच्या माजी विद्यार्थिनी, त्यांना आजचं निमंत्रण जायला हरकत नव्हती. त्यांची धाकटी बहीण कमला सोहोनी ही जीवरसायनशास्त्रज्ञ. तिनं १९३९ मध्ये केंब्रिजची पीएच.डी. मिळवली. एकाच घरात एक बहीण वनस्पतींच्या पेशींत डोकावत होती आणि दुसरी गोष्टींच्या पोटात. मी विज्ञानाचा मास्तर, मला ही जोडी फार आवडते.

दुर्गाबाईंनी एम.ए.साठी प्राचीन बौद्धांच्या न्यायपद्धतीचा अभ्यास केला. पुढं पीएच.डी.साठी मध्य प्रांतातल्या आदिवासी वस्त्यांत हिंडल्या. रानातल्या पायवाटा, मिळेल ते खाणं, ऐकू येईल ते टिपणं. त्या भटकंतीत सुरण खाण्यात आला आणि त्याची विषबाधा झाली. बाई वर्षानुवर्षं आजारी होत्या. उमेदीची पाच-सहा वर्षं अंथरुणात गेली आणि ती पीएच.डी. कायमची राहिली.

आपल्यापैकी कुणी असतं तर म्हणालं असतं, संपलं. बाई उठल्या आणि पुन्हा कामाला लागल्या. १९५६ मध्ये त्यांचं 'ऋतुचक्र' आलं, ते पुष्कळांनी वाचलंय. त्याच वर्षी 'लोकसाहित्याची रूपरेखा' आलं, ते फार थोड्यांनी वाचलंय. मग भारतीय लोकसाहित्यावर इंग्रजी ग्रंथ, उखाण्यांवर वेगळा अभ्यास, मुलांसाठी निरनिराळ्या प्रांतांच्या लोककथा, आणि पुढं पालीतल्या जातककथा मराठीत, सात खंडांत. जातकं ५४७ आहेत. त्यांत हरीण बोलतं, माकड राजाला शहाणपण शिकवतं, हत्ती त्याग करतो. नावापुढं डॉक्टर लागलं नाही म्हणून यातलं काही अडलं नाही.

आता तुम्ही विचाराल, गोष्टींचं कसलं शास्त्र? गोष्ट ऐकायची आणि झोपायचं. मीही तेच म्हणायचो.

एक उदाहरण घ्या. राक्षसाचा जीव पोपटात असतो, ही गोष्ट इथं बसलेल्या प्रत्येकानं ऐकलीय. सात समुद्रांपलीकडं झाड, झाडावर पिंजरा, पिंजऱ्यात पोपट. पोपटाची मान पिरगाळली की राक्षस मेला. मला वाटायचं, ही आपल्याच गावची गोष्ट. तर १८६८ मध्ये लंडनला 'ओल्ड डेक्कन डेज' नावाचं पुस्तक निघालं, त्यातली पहिलीच गोष्ट ही. फक्त तिथं राक्षसाच्या जागी जादूगार आहे. रशियात कोश्चेई नावाचा म्हातारा आहे. त्याचं मरण सुईत, सुई अंड्यात, अंडं बदकात, बदक सशात. आणि सुमारे ३,२०० वर्षांपूर्वीच्या इजिप्तच्या एका पपायरसावर दोन भावांची गोष्ट आहे, तिच्यात धाकटा भाऊ आपलं काळीज झाडावरच्या फुलात ठेवतो. झाड तोडलं की तो मरतो.

इजिप्त कुठं, रशिया कुठं, नेवासं कुठं! गोष्ट चालत गेली की ठिकठिकाणी आपोआप उगवली? कुठला भाग टिकला, कुठला बदलला, का बदलला? फिनलंडच्या आर्ने आणि अमेरिकेच्या थॉमसन यांनी गोष्टींचे प्रकार लावून सूची केल्या, जशी आपण वनस्पतींची कुळं लावतो. रशियाच्या प्रॉपनं १९२८ मध्ये जादूच्या कथांचा सांगाडा उकलून ३१ घटना दाखवल्या. कथेत त्या सगळ्या असतीलच असं नाही, पण असतात त्या ठरावीक क्रमानंच येतात. हे शास्त्रच आहे. निरीक्षण, नोंद, तुलना, वर्गीकरण. मी वर्गात फळ्यावर विज्ञानाची जी पद्धत लिहायचो, तीच. दुर्गाबाईंनी हा विचार मराठीत आणला आणि आपल्या ओव्या, कहाण्या, उखाणे, व्रतं त्याच्याशी भिडवून पाहिली.

आता आईकडं येतो.

माझी आई चौथी शिकलेली. पाथर्डी तालुक्यातलं माहेर, चौदाव्या वर्षी लग्न होऊन इकडं आली. उन्हाळ्यात अंगणात शेंगा फोडायला बसायची. आम्ही भावंडं, शेजारची पोरं, सगळी भोवती. शेंगा फोडायच्या तोवर गोष्ट चालायची. दाणे खाल्ले की गोष्ट थांबायची, असा तिचा कायदा. तिच्याकडं एक गोष्ट होती, डाळिंबातल्या मुलीची.

राजाच्या मुलाला एक म्हातारी डाळिंब देते. म्हणते, पाण्याजवळ गेल्याशिवाय फोडू नको. तो विहिरीवर फोडतो, तर आतून मुलगी निघते. तो तिला विहिरीवर बसवून पालखी आणायला जातो. तेवढ्यात पाणी भरायला आलेली मोलकरीण तिचे कपडे, दागिने घेते, तिला विहिरीत ढकलते आणि स्वतः तिच्या जागी बसते. विहिरीत कमळ उगवतं. इथपर्यंत मला चोख आठवतं. पुढं कमळाचं काहीतरी होतं, ते कुणीतरी तोडून फेकतं, मग आणखी काहीतरी उगवतं, शेवटी मुलगी परत येते. ते "काहीतरी" माझ्या हातातून गेलंय. ते कसं गेलं, तेच सांगायला मी उभा आहे.

१९८५चा मे महिना. मी बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाची परीक्षा देऊन नगरहून घरी आलो होतो. कॉलेजात आम्ही पोरं चमत्कारांचे प्रयोग दाखवायचो. नारळातून जाळ, पोटॅशियम परमँगनेट आणि ग्लिसरीन. जिभेवर पेटता कापूर. गावोगाव फिरायचो, भोंदू बाबांना आव्हान द्यायचो. त्या कामाचा मला आजही अभिमान आहे, हे आधी सांगतो.

संध्याकाळी अंगणात आई शेंगा घेऊन बसली. शेजारची पोरं जमली. डाळिंब फुटलं, मुलगी निघाली. आणि मी सगळ्यांसमोर म्हणालो, "आई, डाळिंबात माणूस मावतो का? आत ऑक्सिजन कुठून आला? पोरांच्या डोक्यात हे काय भरवतेस?" पोरं हसली. मी आणखी दोन-चार वाक्यं बोललो, ती आता सांगवत नाहीत.

आईनं हातातली शेंग फोडली, दाणे सुपात टाकले. म्हणाली, "आरं बाबा, गोष्ट हाय ती." मग थोड्या वेळानं म्हणाली, "बरं. तू शिकलास." आणि गोष्ट तिथंच ठेवली.

त्यानंतर तिनं ती गोष्ट माझ्यासमोर कधी सांगितली नाही. पुढं माझी मुलं तिच्यामागं लागायची, आजी गोष्ट सांग. ती म्हणायची, "तुझ्या बापाला इचार, त्यो मास्तर हाय." रागानं नाही. अगदी साधं म्हणायची. २०११ मध्ये आई गेली.

२०१६ साली माझी बदली एका नव्या शाळेत झाली. तिथं ग्रंथालयाची जबाबदारी माझ्याकडं आली. वाळवी लागलेली पुस्तकं वेगळी काढताना 'लोकसाहित्याची रूपरेखा' हातात आलं. दुर्गा भागवत. मला खांब आठवला, सर आठवले, भेळ आठवली. उभ्या उभ्या वाचायला लागलो ते शिपाई कुलूप घेऊन आला तेव्हा थांबलो.

त्या पुस्तकानं मला एक गोष्ट शिकवली. जादूची गोष्ट ऐकताना दोनच वाटा असतात असं मला वाटत होतं. एक तर विश्वास ठेवायचा, नाहीतर हसायचं. बाईंनी तिसरी वाट दाखवली. नीट ऐकायचं. माझी आई डाळिंबात माणूस मावतो असं मानतच नव्हती. "गोष्ट हाय ती," हे तिनं मला तेव्हाच सांगितलं होतं. गोष्ट म्हणजे काय हे तिला कळलेलं होतं, कळलं नव्हतं ते पदवी घ्यायला निघालेल्या मला.

कुणी म्हणेल, मग तुमचं प्रबोधनाचं काम चुकलं का? अजिबात नाही. २०१३ मध्ये आपल्या राज्यात जादूटोणाविरोधी कायदा झाला तो माणसांची फसवणूक आणि छळ थांबवायला. मंत्र घालतो म्हणून कुणी बाईच्या अंगावर हात टाकत असेल, आजाऱ्याला दवाखान्यापासून अडवत असेल, तर तिथं नारळातला जाळ उघड करायलाच हवा. पण अंगणात शेंगा फोडणारी बाई कुणाला फसवत होती? तिनं कुणाकडून पैसे घेतले? मी भोंदूवर चालवायचं हत्यार आईवर चालवलं. एवढा फरक मला त्या वयात करता आला नाही.

आणि दुर्गाबाई भाबड्या होत्या असं कुणी समजू नये. रानाचं कौतुक करणाऱ्या बाईंना रानानंच आयुष्यातली पाच-सहा वर्षं आजारी पाडलं होतं. जुनं ते सोनं म्हणणाऱ्यांतल्या त्या नव्हत्या. डिसेंबर १९७५ मध्ये कराडच्या साहित्य संमेलनाच्या त्या अध्यक्ष होत्या. देशात आणीबाणी, जयप्रकाश नारायण आजारी. सत्तेतली मोठी माणसं समोर बसलेली असताना बाईंनी व्यासपीठावरून जयप्रकाशांच्या प्रकृतीसाठी प्रार्थना करायला सांगितलं. १९७६ मध्ये त्यांना अटक झाली. पुढं पद्मश्री आणि ज्ञानपीठ, दोन्ही त्यांनी घेतले नाहीत. मला हे सगळं एकाच स्वभावाचं वाटतं. अडाणी बाईच्या तोंडची गोष्ट असो की पंतप्रधानांचा हुकूम असो, ऐकून घ्यायचं, तपासायचं, आणि जे दिसलं ते सांगायचं.

मी आईची गोष्ट शोधायला लागलो. पुस्तकांत तिच्या बहिणी सापडल्या. इटलीत सतराव्या शतकात बासीलेच्या संग्रहात मुलगी लिंबाच्या जातीच्या फळातून निघते. १८८०च्या सुमारास निघालेल्या मेव्ह स्टोक्स या मुलीच्या संग्रहात ती बेलफळातून निघते, आणि तिथंही विहीर आहे, कपडे चोरणारी बाई आहे, कमळ आहे. मला आनंद झाला आणि वाईटही वाटलं. जगभरच्या मुली सापडत होत्या. आमच्या अंगणातली सापडत नव्हती.

मगाशी मी 'ओल्ड डेक्कन डेज'चं नाव घेतलं. ते पुस्तक लिहिणारी मेरी फ्रियर ही मुंबईच्या गव्हर्नरची मुलगी. पण गोष्टी तिच्या नव्हत्या. दख्खनच्या दौऱ्यात तिच्या सोबतीला असलेल्या अ‍ॅना लिबराटा डिसूझा या आयेनं त्या सांगितल्या, आणि अ‍ॅनानं त्या आपल्या आजीकडून ऐकलेल्या. मेरीनं एक शहाणपणा केला. पुस्तकाच्या सुरुवातीला अ‍ॅनाच्या आयुष्याची हकिगतही तिच्याच शब्दांत छापली. दीडशे वर्षांनीही गोष्टींबरोबर सांगणारीचं नाव टिकलं. माझ्याकडं सांगणारीचं नाव होतं, गोष्ट नव्हती.

दोन वर्षांपूर्वी, निवृत्त झाल्यावर, मी पाथर्डीकडं मावशीला भेटायला गेलो. आईची धाकटी बहीण. वय ऐंशीच्या पुढं, ऐकायला कमी, बोलायला खणखणीत. मोबाइल समोर ठेवला आणि म्हटलं, "मावशी, डाळिंबाची गोष्ट सांग."

तिनं आधी मला चहा पाजला. मग नातसुनेला बोलावून शेजारी बसवलं. म्हणाली, "एकट्या गड्याला काय सांगायची गोष्ट?" आणि सुरू केलं.

म्हातारी, डाळिंब, विहीर, मोलकरीण, कमळ. मोलकरीण कमळ उपटते, उकिरड्यावर फेकते. तिथं डाळिंबाचंच झाड येतं. ती झाड तोडते. एक ढलपी उडते ती म्हातारीच्या अंगणात पडते. म्हातारी ती चुलीजवळ ठेवते. रोज म्हातारी कामाला गेली की ढलपीतून मुलगी निघते, झाडलोट करते, भाकरी करून ठेवते. एक दिवस म्हातारी दाराआड लपून बघते, तिचा हात धरते. राजपुत्राला कळतं. पालखी येते. मोलकरणीला शिक्षा होते, मुलगी राणी होते. संपली.

माझ्या डोळ्यांत पाणी आलं. गेलेली वाट पुन्हा सापडली होती. पण मावशी माझ्याकडं बघून म्हणाली, "पर तुझी आई आशी संपवायची न्हाय."

मी विचारलं, मग कशी?

"आमच्या आईनं सांगितली ती मी सांगितली. तुझी आई पालखी परत पाठवायची. तिची पोरगी म्हणायची, आधी मला म्हातारीकडं चार दिस राहू द्या. मग म्हातारी तिला न्हाऊ घालायची, येणी घालायची, ओटी भरायची, आन् मग पालखीत बसवायची. मी तिला म्हणायची, आगं आक्का, आईनं आसं कवा सांगितलं? तर म्हणायची, आईनं न्हाय सांगितलं, मी सांगती."

मावशी थांबली. मग म्हणाली, "चौदा वर्साची गेली ती. दिवाळीला सुदिक धाडत नव्हते पयली चार वर्सं."

ते ध्वनिमुद्रण माझ्याकडं आहे. त्यात याच्यापुढं बराच वेळ कुणीच बोलत नाही. नंतर एसटीचा हॉर्न ऐकू येतो.

लोकसाहित्याचे अभ्यासक याला पाठभेद म्हणतात. एकाच गोष्टीची दोन रूपं. मी हा शब्द पुस्तकात वाचला होता, परीक्षेला बसलो असतो तर व्याख्या लिहिली असती. पण पाठभेद म्हणजे काय ते मला मावशीच्या ओसरीवर समजलं. आमच्या आजीच्या गोष्टीत जे नव्हतं, ते आईनं घातलं. तिला जे मिळालं नाही, ते तिनं डाळिंबातल्या मुलीला दिलं. आयुष्यात सासरबद्दल एक शब्द वावगा न बोललेली माझी आई दर उन्हाळ्यात अंगणात बसून हे सांगत होती, आणि मी तिला ऑक्सिजन विचारला.

मित्रांनो, आपला जिल्हा उत्खननाचा जिल्हा आहे. संगमनेरजवळच्या जोर्व्याच्या नावानं एक अख्खी ताम्रपाषाण संस्कृती ओळखली जाते. आपल्या नेवाशाला १९५४ ते १९५६ या काळात डॉ. सांकलियांनी खोदकाम केलं. त्यांच्यासारख्या माणसांनी सापडलेल्या प्रत्येक खापराबरोबर एक नोंद ठेवली, कुठल्या खड्ड्यात, किती खोलीवर, कुठल्या थरात. नोंद नसेल तर ते नुसतं खापर. गोष्टीचंही तसंच आहे. "एका राजाला दोन राण्या" एवढं इंटरनेटवर पुष्कळ मिळेल. पण कुणी सांगितली, कुठल्या गावात, तिला कुणी सांगितली होती, हे गेलं की थर गेला.

ओव्यांच्या बाबतीत हे काम काही जिद्दी माणसांनी केलं. गी पॉइतवाँ आणि हेमा राईरकर यांनी खेड्यापाड्यांतल्या बायांच्या जात्यावरच्या एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या, सांगणारीच्या नावागावासकट. निवृत्तीनंतर नगरमध्ये राहिलेले डॉ. प्रभाकर मांडे यांनी गावगाड्याबाहेरच्या भटक्या लोकांचं वाङ्मय ऐकण्यात आयुष्य घातलं. २०२३ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली आणि त्याच वर्षी ते गेले. ती माणसं मोठी. आपण सामान्य. पण आपल्याकडं एक गोष्ट आहे जी त्यांच्याकडं नव्हती. आपली आई, मावशी, सासू, आत्या आपल्याला नाही म्हणत नाहीत.

आपण सगळे साठीला आलो. आपल्या आधीची पिढी आता बोटांवर मोजण्याइतकी उरली आहे. आज इथं हात वर करायला सांगितलं, कुणाकुणाची आई आहे, तर किती हात वर होतील ते तुम्हीच मनात मोजा. म्हणून माझी एक मागणी आहे. शाळेला वर्गणी द्याल ती द्याच. पण पुढच्या मेळाव्याला येताना प्रत्येकानं एक गोष्ट घेऊन यायची.

त्याचे नियम सोपे आहेत. मोबाइल सगळ्यांकडं आहे. आधी विचारायचं, रेकॉर्ड करू का? नको म्हणाल्या तर नुसतं ऐकायचं. सांगणाऱ्याचं नाव, वय, माहेर, सासर, आणि गोष्ट कुणाकडून ऐकली ते लिहून ठेवायचं. शक्य तर एखादी नात शेजारी बसवायची. मावशी म्हणाली ते खरं आहे, मोबाइलला गोष्ट सांगता येत नाही. मध्ये बोलायचं नाही. भाषा सुधारायची नाही. "न्हाय"चं "नाही" करायचं नाही. दोन बहिणींनी वेगळी सांगितली तर दोन्ही ठेवायच्या, खरी कोणती असं विचारायचं नाही. आणि हसायचं असेल तर गोष्टीत हसू असेल तिथंच हसायचं.

मुख्याध्यापकांशी मी बोललो आहे. ग्रंथालयातलं एक कपाट ते देणार आहेत. त्यात पहिली वही माझी. तिच्यात मावशीनं सांगितलेली डाळिंबाची गोष्ट आहे, तिच्याच शब्दांत. त्याखाली आईचा शेवट आहे, मावशीच्या तोंडून आला तेवढा. मधलं आईच्या तोंडचं गेलं ते गेलं. तिथं मी पानं कोरी सोडली आहेत. १९८५च्या त्या संध्याकाळी आमच्या अंगणात शेजारची सात-आठ पोरं होती. त्यांतली दोन आज इथं बसली आहेत, मला दिसताहेत. तुम्हाला काही आठवत असेल तर जेवताना माझ्या पंगतीला या. पेन आणलंय.